माती-तापमापक: ठाण्यातल्या कुंड्यांसाठी घ्यावा का?

घोडबंदर रस्त्यालगतची संकुले असोत, ऐरोली-नेरूळच्या बाल्कन्या असोत किंवा खारघरच्या गच्च्या, कुंड्यांत भाजीपाला लावणाऱ्यांकडून हमखास ऐकू येणारी तक्रार म्हणजे ‘बी उगवलेच नाही’. दोष बहुधा बियाण्याला दिला जातो, क्वचित खताला, आणि मातीच्या तापमानाचा विचार जवळजवळ कोणीच करत नाही, कारण ते मोजण्याचे साधन घरात नसते. गेल्या पावसाळ्याआधीपासून मी एक साधा माती-तापमापक नियमित वापरत आहे. तो घेण्यासारखा आहे का, कोणी घ्यावा आणि त्याचा आकडा आपल्या हवेत कसा वाचावा, याविषयी हे परीक्षण आहे.

वस्तू अगदी साधी आहे. सुमारे १३ सेंटीमीटर लांबीचा टोकदार पोलादी दांडा, त्याच्या डोक्यावर मनगटी घड्याळाएवढी काचेची तबकडी आणि तिच्यावर शून्य ते ६० अंश सेल्सियसपर्यंतच्या खुणा. तिला बॅटरी लागत नाही. दांड्याच्या आत दोन निरनिराळ्या धातूंच्या पट्ट्या एकमेकींना चिकटवून केलेली बारीक गुंडाळी असते. उष्णतेने एक धातू दुसऱ्यापेक्षा अधिक प्रसरण पावतो, त्यामुळे गुंडाळीला पीळ बसतो आणि तो पीळ वर तबकडीतला काटा फिरवतो. अशा बनावटीचे तापमापक निरनिराळ्या नावांनी मिळतात आणि त्यांच्यात फारसा फरक नसतो, म्हणून मी एका छापाची शिफारस न करता या प्रकाराबद्दल लिहीत आहे. मला तो पाचशे रुपयांच्या आत मिळाला.

वापरायला काढण्यापूर्वी त्याची परीक्षा घेणे आवश्यक आहे आणि ती घरच्या घरी होते. बर्फाचा चुरा करून पेला काठोकाठ भरावा, बर्फाच्या फटी भरतील एवढेच पाणी घालावे, ढवळून दांडा मधोमध धरावा. काटा स्थिरावल्यावर शून्यावर यायला हवा. ठाणे जवळजवळ समुद्रसपाटीलाच असल्याने उकळत्या पाण्याचे १०० अंशही दुसरी खूण म्हणून वापरता आले असते, पण ६० अंशांपर्यंतच्या तबकडीला ती परीक्षा देऊ नये, काटा मर्यादेपलीकडे जाऊन गुंडाळी कायमची बिघडू शकते. माझा तापमापक बर्फात दोन अंश वर दाखवत होता. तबकडीच्या मागे, दांड्याच्या मुळाशी असलेली षट्कोनी चाकी लहान पान्याने किंचित फिरवून तो शून्यावर आणता आला, आणि अशी चाकी असणे ही या प्रकारातली मला सर्वांत महत्त्वाची वाटलेली सोय आहे. दोन अंश ऐकायला किरकोळ वाटतात. मात्र लेट्यूसच्या (सॅलडमध्ये कच्च्या खातात त्या पालेभाजीच्या) बाबतीत २८ आणि ३० यांच्यातला फरक हा उगवण होण्या-न होण्याचा फरक ठरू शकतो.

सोबत एक घडीचे पत्रक येते आणि त्यात प्रत्येक भाजीसमोर किमान, उत्तम आणि कमाल असे तीन आकडे असतात. आज बागकामाच्या पत्रकांतून फिरणाऱ्या अशा बहुतेक आकड्यांचे मूळ कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या डेव्हिस येथील जे. एफ. हॅरिंग्टन यांनी विसाव्या शतकाच्या मध्यास केलेल्या कामात आहे. टोमॅटोचे बी स्थिर १० अंशांच्या मातीत वर यायला ४३ दिवस घेते, १५ अंशांना १४ दिवस, २० अंशांना ८, तर २५ ते ३० अंशांना अवघे ६ दिवस. ३५ अंशांना मात्र पुन्हा ९ दिवस लागतात. हा शेवटचा आकडा आपल्या दृष्टीने फार महत्त्वाचा आहे, कारण तापमान वाढत गेले की उगवण वेगवान होत जाते हा समज तिथे मोडतो. प्रत्येक भाजीच्या बियाण्याला एक शिखर असते आणि त्यापलीकडे ती उतरणीला लागते.

पत्रकाचा सगळा रोख थंड देशांतल्या बागकाम करणाऱ्यांकडे आहे. हिवाळा सरल्यावर माती पुरेशी तापली का, बी पेरायची घाई तर होत नाही ना, एवढाच प्रश्न त्यात गृहीत धरलेला असतो आणि म्हणून किमान तापमानाचा स्तंभ ठळक छापलेला असतो. ठाण्यात किंवा नवी मुंबईत माती १० अंशांपर्यंत उतरण्याचा प्रश्नच येत नाही. आपल्याकडे पाहायचा तो तिसरा स्तंभ, म्हणजे कमाल तापमानाचा. टोमॅटो, वांगी, मिरची, मुळा, गाजर आणि कांदा यांची कमाल मर्यादा सुमारे ३५ अंश, कोबी-फुलकोबीची ३८, वाटाणा आणि लेट्यूस यांची जेमतेम २९, तर काकडी आणि भेंडी यांची ४१ अंशांपर्यंत. हे आकडे समोर ठेवून तापमापक कुंडीत खोचला की उगवण न झालेल्या बियाण्यांचे बरेचसे कोडे सुटते.

माझी बाल्कनी पश्चिमेकडे आहे. ऑक्टोबर हीटच्या दिवसांत दुपारी दोनच्या सुमारास, उन्हात भिंतीलगत ठेवलेल्या काळ्या ग्रो बॅगेत दांडा कडेपासून दोन बोटांवर खोचला तेव्हा काटा चढत चढत ४३ अंशांच्या आसपास थांबला. त्याच बॅगेच्या मध्यभागी तो ३६ होता, आणि बॅगेला टेकून असलेल्या फिक्या रंगाच्या मातीच्या कुंडीत ३२. तीन आकडे, एकाच वेळी, एका हाताच्या अंतरात. काळे प्लॅस्टिक ऊन शोषून घेते, आणि कच्च्या मातीच्या कुंडीच्या भिंतीतून पाणी झिरपून वाफ होत राहिल्याने ती थंड राहते, हे आपण ऐकलेले असते. पण ११ अंशांचा फरक डोळ्यांसमोर तबकडीवर दिसला की कुंडी कुठली निवडायची याबद्दल पुन्हा चर्चा करावी लागत नाही. कडेने गोलाकार बी टाकण्याची आपली सवय किती घातक आहे, हेही त्याच दुपारी स्पष्ट झाले: सर्वांत तापलेल्या मातीत आपण बी ठेवत असतो.

दुसरी गोष्ट पाण्याची. गच्चीवरील टाकीतून नळाला येणारे दुपारचे पाणी झारीत घेऊन त्यात दांडा बुडवला, तर उन्हाळ्यात काटा सहज ३८-३९ दाखवतो. हे पाणी घातल्याने माती थंड होते असे आपल्याला वाटते, पण सुरुवातीला ती त्या पाण्याच्या तापमानाकडेच जाते. बाष्पीभवनाने थंडावा येतो तो नंतर. बी पेरलेल्या रोपांच्या ट्रेला सकाळचेच पाणी घालावे, किंवा आदल्या रात्री बादलीत काढून ठेवलेले घालावे.

मोजायचे कधी, याबाबत भारतीय हवामान विभागाच्या कृषी-हवामान वेधशाळांची पद्धत घरगुती बागेलाही उत्तम लागू पडते. तिथे मातीचे तापमान ५, १० आणि २० सेंटीमीटर खोलीवर, स्थानिक वेळेनुसार सकाळी ७ आणि दुपारी २ वाजता नोंदवले जाते, आणि त्यासाठी वाकड्या दांड्याचे काचेचे तापमापक जमिनीत कायमचे रोवलेले असतात. सकाळी सातला उथळ माती दिवसातल्या नीचांकाजवळ असते, दुपारी दोनला उच्चांकाजवळ. जितके खोल जावे तितका हा चढउतार कमी होतो आणि उशिरा पोहोचतो. खारघरला माझ्या आत्याकडे तळमजल्यावर खरी जमीन आहे. तिच्या वाफ्यात १० सेंटीमीटरवर दिवसभरात तीन-चार अंशांपलीकडे फरक पडत नाही, आणि तोच तापमापक माझ्या सीडलिंग ट्रेमध्ये, म्हणजे रोपे तयार करण्याच्या लहान कप्प्यांच्या ट्रेमध्ये, सकाळी २४ आणि दुपारी ३८ दाखवतो. ट्रेच्या कप्प्यात मूठभरसुद्धा कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा) नसते, त्यामुळे त्याला स्वतःची अशी स्थिरता नसते. दोन्ही वेळचे आकडे लिहून ठेवल्याशिवाय एका आकड्यावरून निर्णय घेऊ नये, असे माझे ठाम मत झाले आहे. पत्रकातले दिवस हे स्थिर तापमानासाठीचे असतात, आणि ट्रेमधले बी मात्र रोज डोंगर चढते आणि उतरते.

या साधनाचा खरा लाभ सप्टेंबरच्या अखेरीपासून फेब्रुवारीपर्यंत होतो. मिरची आणि वांगी यांच्या रोपांसाठी २८ ते ३० अंशांच्या आसपासची माती हवी, आणि ती सावलीत ठेवलेल्या ट्रेमध्ये, पन्नास टक्क्यांच्या शेडनेटखाली, ऑक्टोबरमध्ये सहज मिळते. उन्हात ठेवल्यास ती हातातून निसटते. मिरचीला १५ अंशांना २५ दिवस, २० अंशांना १३ आणि २५ ते ३० अंशांना सुमारे ८ दिवस लागतात, म्हणजे आपल्याकडे दहा-बारा दिवसांत वर न आलेली मिरची थंडीमुळे अडली असण्याची शक्यता कमी असते. अशा वेळी उष्णता, अतिपाणी किंवा जुने बी यांकडे पाहावे. तापलेल्या आणि सतत ओल्या माध्यमात रोपे मानेशी कुजून कोलमडतात, तेव्हा थंडाव्यासाठी पाणी वाढवणे हा उपाय धोक्याचा आहे. त्यापेक्षा ट्रे हलवावा. जागा बदलून आठ-दहा अंश उतरतात, हे तापमापकाने मला दाखवले. पाण्याने इतके उतरत नाहीत.

लेट्यूसविषयी थोडे विस्ताराने लिहायला हवे, कारण नवी मुंबईतल्या बाल्कन्यांत त्याची हौस वाढली आहे आणि निराशाही तिथेच सर्वाधिक दिसते. लेट्यूसचे बी २० ते २५ अंशांना दोन-तीन दिवसांत फुटते आणि ३५ अंशांना अजिबात फुटत नाही. एवढेच असते तर प्रश्न सोपा होता. पण ओले झालेले बी तापलेल्या मातीत पडून राहिले तर ते सुप्तावस्थेत जाऊ शकते, आणि मग माती थंड झाली तरी ते लगेच जागे होत नाही. सर्वांत नाजूक काळ पाणी शोषू लागल्यानंतरच्या पहिल्या काही तासांचा असतो. म्हणून बी संध्याकाळी, मातीचे तापमान उतरल्यावर पेरून तेव्हाच पहिले पाणी द्यावे, म्हणजे तो काळ रात्रीच्या गारव्यात निघून जातो. कॅलिफोर्निया आणि अ‍ॅरिझोनाच्या वाळवंटी भागांतले शेतकरीही पेरणीनंतरचे पाणी देताना हाच हिशेब करतात. माझ्याकडे डिसेंबरमध्ये संध्याकाळी सातला ट्रे २५ च्या खाली आलेला दिसला की मी लेट्यूस पेरते, आणि उगवण भरघोस होते. दिनदर्शिकेत डिसेंबर असूनही दुपारी दोनला तोच ट्रे उन्हात ३३ दाखवत असतो, हे ध्यानात घ्यावे.

पालकाच्या बाबतीत पत्रक आपल्याला चक्क चुकीच्या वाटेला लावते. त्यात पालकासमोर कमाल २९ अंश छापलेले असते आणि ते वाचून कित्येक जण ऑक्टोबरमध्ये पालक लावणे टाळतात. तो आकडा विलायती पालकाचा आहे. आपल्या बाजारात जुडी मिळते ती बहुतांशी देशी पालकाची, आणि ‘पुसा ऑल ग्रीन’सारखे वाण हे बीटच्या कुळातले आहेत, बीटची कमाल मर्यादा ३५ आणि उत्तम तापमान सुमारे २९ अंश. पाकिटातले बी पाहूनही ओळख पटते: देशी पालकाचे ‘बी’ म्हणजे खडबडीत, बुचासारखे फळ असते, त्यातून एकाहून अधिक रोपे निघतात आणि रात्रभर भिजवल्यास ती लवकर वर येतात. विलायती पालकाचे बी बहुधा गोल आणि तुलनेने गुळगुळीत असते. पत्रकातली पालकाची ओळ खोडून तिथे बीटची ओळ लिहून ठेवावी.

कोथिंबिरीचे धने रगडून, दोन फाकी करून, नोव्हेंबरनंतर पेरले तर विशेष काही मोजावे लागत नाही. एप्रिल-मे महिन्यांत मात्र सावलीतली थंड जागा शोधण्यासाठी तापमापक घेऊन फिरावे लागते. मेथी फारशी कुरकूर न करता रुजते. गाजराला २७ अंश उत्तम, पण त्याचे बी इतके वर असते की खरी अडचण माती सुकण्याची असते. वर ओले गोणपाट टाकल्यास ओल टिकते आणि पृष्ठभागाचे तापमानही चार-पाच अंशांनी उतरलेले मला दिसले. कोंब दिसताच गोणपाट काढायला विसरू नये.

थंडीची बाजू आपल्याकडे एकदाच डोके वर काढते, जानेवारीत भेंडी, काकडी आणि कारली पेरताना. भेंडीला १५ अंशांना २७ दिवस, २० अंशांना १७ आणि ३० अंशांना ७ दिवस लागतात. उत्तरेकडे तोंड असलेल्या बाल्कनीत जानेवारीतल्या सकाळी माती १९-२० अंशांवर असते आणि दुपारीही २५ च्या पुढे जात नाही, तेव्हा दोन आठवडे वाट पाहून बी उकरून काढण्याची वेळ येते. कोकण कृषी विद्यापीठाचे ‘कोकण तारा’ हे कारले असो वा ‘परभणी क्रांती’ ही भेंडी, वाण कितीही चांगला असला तरी त्या मातीत तो सावकाशच उगवणार. इथे उलट करावे: ऑक्टोबरमध्ये जी काळी बॅग बियाण्यांना भाजते, तीच जानेवारीत उन्हात ठेवल्यास त्यांना हवी ती ऊब देते.

जांभळी नाक्याच्या बाजूला ज्या दुकानातून मी बी घेते, तिथल्या दुकानदाराने एकदा सांगितले होते, “ताई, बी ताजं आहे, जरा ऊन उतरू द्या.” त्याचे म्हणणे पडताळण्याचा मार्ग आता हाती आहे. पाकिटाच्या लेबलवर किमान उगवणक्षमता छापलेली असते. भेंडीसाठी ६५ टक्के, टोमॅटोसाठी ७०, मिरचीसाठी ६० टक्के हे प्रमाणित बियाण्याचे निकष आहेत, आणि चाचणीच्या तारखेपासून सर्वसाधारणपणे ९ महिन्यांची वैधता असते. घरातल्या सावलीत, ओल्या टिश्यू कागदात मोजून बिया ठेवाव्यात आणि तेवढ्याच कुंडीत पेराव्यात. कागदात बहुतेक फुटल्या आणि कुंडीत फुटल्या नाहीत, तर बियाण्याला दोष देता येत नाही, आणि मग दुपारी दोनचा आकडा पाहावा. दुकानदाराशी वाद घालण्यापूर्वी एवढे करणे न्यायाचे आहे.

आता या वस्तूच्या उणिवा. पहिली आणि सर्वांत त्रासाची म्हणजे संवेदनशील भाग दांड्याच्या अगदी टोकाशी नसून खालच्या चार-पाच सेंटीमीटर लांबीत पसरलेला असतो. उभा खोचल्यास तबकडी त्या साऱ्या थराची सरासरी दाखवते, आणि टोमॅटोचे किंवा लेट्यूसचे बी मात्र सेंटीमीटरभर, कधी त्याहूनही वर असते. उपाय म्हणजे दांडा जवळजवळ आडवा, मातीच्या पृष्ठभागाला समांतर सरकवणे. ट्रेमध्ये ते अवघड जाते. दोन-तीन कप्प्यांच्या भिंतींना आधी भोके पाडून दांडा आरपार घालावा लागतो. पत्रकात याचा उल्लेख नसणे ही गंभीर त्रुटी आहे. दुसरे असे की काटा स्थिरावायला दीड-दोन मिनिटे लागतात आणि घाईत वाचलेला आकडा हमखास चुकतो. तिसरे, दिवसभरातला उच्चांक आणि नीचांक लक्षात ठेवण्याची सोय त्यात नाही, त्यामुळे दुपारी दोनला घरी नसणाऱ्या नोकरदाराला त्याचा अर्धाच उपयोग होतो. अशांनी वायरीच्या टोकाला संवेदक असलेला, उच्चांक-नीचांक साठवणारा डिजिटल तापमापक घ्यावा. त्याचा संवेदक लहान असतो, तो बियाण्याच्याच खोलीवर ठेवता येतो आणि ट्रेसाठी तो निःसंशय अधिक चांगला आहे. फक्त त्याचा डबा उन्हात आणि पावसात ठेवता येत नाही.

चौथी उणीव कोकणातल्या हवेची. जुलैमध्ये माझ्या तबकडीच्या काचेला आतून वाफ धरली आणि पंधरवडाभर आकडे धूसर दिसत होते. विक्रेत्याने तो जलरोधक असल्याचे सांगितले होते. पाण्याचे शिंतोडे त्याने सोसले, पण तो सततच्या दमट हवेत मातीत खोचून ठेवण्याजोगा निघाला नाही. तेव्हापासून मी वाचन झाले की दांडा पुसून तो घरात ठेवते आणि पुन्हा वाफ धरलेली नाही.

बाजारात याच किमतीत ओलावा, प्रकाश आणि सामू (पीएच) दाखवणारी ‘थ्री-इन-वन’ यंत्रेही टांगलेली असतात आणि पुष्कळ जण तापमापक म्हणून तीच उचलतात. त्यांतल्या बहुतेकांत तापमान नसतेच, आणि ओलाव्याचा आकडा मातीतल्या क्षारांनी बदलतो, त्यामुळे न धुतलेल्या कोकोपीटमध्ये तो भरवशाचा नसतो. बियाणे रुजवण्यासाठी मी त्यांची शिफारस करणार नाही.

जो फक्त जूनमध्ये भेंडी, दोडका आणि काकडी लावतो, त्याने पैसे खर्च करण्याची आवश्यकता नाही. मान्सून स्थिरावला की कुंडीतली माती आपोआप २७ ते ३० अंशांत येते आणि या भाज्यांना त्याहून अधिक काही नको असते. ज्याला ऑक्टोबरमध्ये मिरची-टोमॅटोची रोपे घरी करायची आहेत, ज्याची बाल्कनी पश्चिमेला आहे किंवा ज्याला लेट्यूस हवेच आहे, त्याने मात्र जरूर घ्यावा. खरेदी दुकानात जाऊन करणे शक्य असेल तर एकाच खिळ्याला टांगलेले चार-पाच तापमापक शेजारी शेजारी धरून पाहावेत; ते सगळे एकाच हवेत असल्याने त्यांचे काटे एकाच आकड्यावर असायला हवेत. जो वेगळा दाखवतो तो बाजूला ठेवावा, आणि उरलेल्यांतून तबकडीमागे फिरणारी चाकी असलेला घ्यावा.